घर, गहाण आणि हिशेब

‘लग्न पाहावे करून आणि घर पाहावे बांधून’ ही म्हण आपण सर्वांनी ऐकलेली आहे. या दोन्ही कामांत ठरविलेला खर्च ठरविलेल्या आकड्यावर कधी थांबत नाही, असा तिचा आशय. ही म्हण रूढ झाली त्या काळी घर बांधणारा मनुष्य बहुधा साठविलेल्या पैशातून बांधीत असे. आज कित्येक कुटुंबे पुढील वीस-तीस वर्षांच्या मिळकतीतून घर घेतात. पैसा बँक देते, घर तिच्याकडे तारण राहते आणि दरमहा ठरावीक हप्ता भरावा लागतो. आपल्या इंद्रवेल्लीच्या परिसरातील नोकरदार कुटुंबांतही हा विचार आता घरोघर चालतो. अशा वेळी वडीलधारी मंडळी सहसा एकच प्रश्न विचारतात : ‘हप्ता किती बसेल?’ प्रश्न योग्यच आहे. परंतु तो अपुरा आहे. हप्ता परवडतो की नाही हे या महिन्याच्या पगारावरून कळते. घराची खरी किंमत कळण्यास मात्र सर्व हप्त्यांची बेरीज करावी लागते. ती बेरीज आठवी-नववीच्या विद्यार्थ्यालाही करता येते, म्हणून हा लेख प्रामुख्याने विद्यार्थ्यांसाठी आणि त्यांच्याकरवी त्यांच्या घरच्यांसाठी लिहिला आहे.

प्रथम शब्दांचा विचार करू. ‘कर्ज’ हा शब्द आपल्याकडे अरबीतून आला. कोकणीत कर्जाला ‘रीण’ म्हणतात; तो संस्कृत ‘ऋण’ शब्दाचाच वंशज. ‘व्याज’ हा शब्द तर फारच बोलका आहे. अलंकार शिकताना तुम्ही ‘व्याजस्तुती’ आणि ‘व्याजोक्ती’ ही नावे वाचली असतील. तेथे ‘व्याज’ म्हणजे मिष, बहाणा, वरून एक आणि आतून दुसरे. पैशाच्या व्यवहारातील व्याजालाही हे नाव पुष्कळ अंशी शोभते, हे पुढील हिशेबावरून दिसेल. इंग्रजीतील ‘मॉर्गेज’ हा शब्द जुन्या फ्रेंचमधून आलेला असून त्याचा मूळ अर्थ ‘मृत तारण’ असा आहे. आपला ‘गहाण’ हा शब्द साधा आहे : वस्तू माझी, पण पैसा फिटेपर्यंत तिच्यावर हक्क दुसऱ्याचा.

आता उदाहरण घेऊ. एका गृहस्थांनी घरासाठी १०,००,००० रुपये कर्ज घेतले. व्याजाचा दर वर्षास शेकडा ९ आणि मुदत २० वर्षे, म्हणजे २४० महिने. त्यांचा मासिक हप्ता ८,९९७ रुपये बसतो. वर्षास शेकडा ९ म्हणजे महिन्यास शेकडा पाऊण. पहिल्या महिन्याअखेर दहा लाखांवर ७,५०० रुपये व्याज झाले. गृहस्थांनी ८,९९७ रुपये भरले, त्यांतून व्याज वजा जाता मुद्दलात जमा झाले अवघे १,४९७ रुपये. बाकी राहिली ९,९८,५०३. दुसऱ्या महिन्यात या बाकीवर ७,४८९ रुपये व्याज आणि मुद्दलात १,५०८ रुपये जमा. तिसऱ्या महिन्यात ७,४७७ रुपये व्याज आणि १,५२० रुपये मुद्दल. याप्रमाणे व्याज कणाकणाने उतरते आणि मुद्दलाची फेड कणाकणाने चढते. हप्ता तोच राहतो. त्याच्या पोटातील वाटणी मात्र दरमहा बदलत जाते.

हा क्रम पाच वर्षे चालू द्या. साठ हप्त्यांत गृहस्थांनी जवळजवळ ५,४०,००० रुपये भरले. मनुष्यास साहजिकच वाटते की अर्धे कर्ज फिटले. प्रत्यक्षात वहीत बाकी असते सुमारे ८,८७,००० रुपये. भरलेल्या रकमेपैकी ४,२७,००० रुपये व्याजात गेले. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावरही सुमारे ७,१०,००० रुपये देणे उरतेच. मुद्दल निम्म्यावर येण्यास चौदा वर्षे लागतात. ज्या वर्षी कर्ज काढले त्या वर्षी जन्मलेले मूल तोवर नववीत पोचलेले असते.

मुदतीचा परिणाम याहून मोठा आहे. तेच दहा लाख, तोच शेकडा ९ दर, केवळ मुदत निराळी धरून काढलेले आकडे पुढे दिले आहेत. एकूण रकमा शंभराच्या पटीत केल्या आहेत.

मुदत १० वर्षे : हप्ता १२,६६८, एकूण भरणा १५,२०,१००, त्यांत व्याज ५,२०,१००.
मुदत १५ वर्षे : हप्ता १०,१४३, एकूण भरणा १८,२५,७००, त्यांत व्याज ८,२५,७००.
मुदत २० वर्षे : हप्ता ८,९९७, एकूण भरणा २१,५९,३००, त्यांत व्याज ११,५९,३००.
मुदत ३० वर्षे : हप्ता ८,०४६, एकूण भरणा २८,९६,६००, त्यांत व्याज १८,९६,६००.

शेवटच्या दोन ओळी ताडून पाहा. वीस वर्षांऐवजी तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ९५१ रुपयांनी कमी होतो. तेवढ्या सवलतीसाठी व्याज मात्र ७,३७,३०० रुपयांनी वाढते. कर्ज देणाऱ्याने येथे काहीही लपविलेले नाही. गणित सरळ आहे. तीस वर्षांच्या कर्जात पहिल्या महिन्यास मुद्दलात केवळ ५४६ रुपये जमा होतात, आणि मुद्दल जितके सावकाश फिटेल तितके त्यावरील व्याज अधिक काळ चालू राहील. कर्जाच्या व्यवहारात सर्वांत महाग वस्तू काळ ही आहे, हे या चार ओळींवरून ध्यानात यावे.

येथे न्यायाची दुसरी बाजूही मांडली पाहिजे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो. वस्तूंचे भाव वर्षास शेकडा ६ या गतीने वाढत गेले असे धरले, तर वीस वर्षांनंतरच्या ८,९९७ रुपयांत आजच्या सुमारे २,८०० रुपयांचाच माल येईल. शिवाय स्वतःच्या घरात राहणाऱ्याचे भाडे वाचते आणि मुलांना एका ठिकाणी स्थिर राहून शिकता येते. म्हणून कर्ज काढूच नये असे म्हणणे शहाणपणाचे नव्हे. व्याज ही दुसऱ्याचा पैसा वापरण्याची किंमत आहे, आणि कोणत्याही किमतीप्रमाणे ती आधी मोजून मग द्यावी, इतकेच सांगणे आहे.

किंमत मोजण्यात एक अडचण दराच्या भाषेची आहे. बाजारात ‘दोन रुपये शेकडा’ असे म्हणतात ते महिन्याचे असते, म्हणजे वर्षास शेकडा २४. बँक ‘शेकडा ९’ म्हणते ते वर्षाचे असते. ऐकताना दोन हा आकडा नऊपेक्षा लहान वाटतो! दरमहा शेकडा दोनने सरळ व्याज धरले तर ५० महिन्यांत व्याज मुद्दलाएवढे होते. व्याजावर व्याज चढू दिले तर ३५ महिन्यांतच रक्कम जवळजवळ दुप्पट होते. तिसरा प्रकार सरसकट व्याजाचा. १,००,००० रुपये एका वर्षासाठी शेकडा १२ सरसकट व्याजाने घेतले, तर १२,००० रुपये व्याज मिळवून बारा हप्ते पाडतात. हप्ता ९,३३३ रुपये. तीच रक्कम त्याच दराने, पण घटत्या बाकीवर घेतली, तर हप्ता ८,८८५ रुपये बसतो आणि एकूण व्याज सुमारे ६,६०० रुपये होते. कारण उघड आहे. पहिल्या प्रकारात फेडून झालेल्या पैशावरही आपण वर्षअखेरपर्यंत व्याज भरीत राहतो. सरसकट १२ टक्क्यांचा खरा दर घटत्या बाकीच्या हिशेबाने साडेएकवीस टक्क्यांच्या आसपास पडतो.

दुसरी अडचण दर बदलण्याची आहे. घरासाठी मिळणारी बरीच कर्जे बदलत्या दराची असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. समजा, एखाद्याने ७ टक्क्यांनी दहा लाख रुपये वीस वर्षांसाठी नुकतेच घेतले होते. हप्ता ७,७५३ रुपये. दर अडीच टक्क्यांनी वाढून ९.५ झाला, की दहा लाखांवरील एका महिन्याचे व्याजच ७,९१७ रुपये होते. हप्ता पूर्वीचाच ठेवला तर तो व्याजालाही पुरत नाही आणि कर्ज फिटण्याऐवजी वाढू लागते. अशा प्रसंगी कर्ज देणारी संस्था हप्ता न वाढवता मुदत वाढवू शकते. कर्जदारास महिन्याचा फरक जाणवत नाही. मुदत मात्र मुकाट्याने लांबते. म्हणून १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने आदेश काढला की, दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी, की रक्कम आगाऊ भरावी याची निवड कर्जदारास द्यावी आणि वाढीव मुदतीत हप्ता व्याजाहून कमी पडू देऊ नये.

कर्जदारास हिशेब दाखविण्याचे बंधन घालावे लागते, ही गोष्ट नवी नव्हे. यास आपल्याच भाषेच्या मुलखातील इतिहासाचा मोठा आधार आहे. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात आपल्याकडील कापसाला अपूर्व भाव आला आणि कर्जही सहज मिळू लागले. युद्ध संपताच भाव कोसळले, सावकारांनी हात आखडले आणि दुसरीकडे सरकारचा शेतसारा वाढला. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा उठाव झाला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांतील गावांत पसरला. उठाव करणाऱ्यांचा मुख्य रोख माणसांच्या जिवावर नसून सावकाराच्या घरातील कर्जखतांवर होता. खते बाहेर काढून त्यांची होळी करण्यात आली. ज्यास वाचता येत नाही त्याने अंगठा उठविलेला कागद त्याच्या जमिनीचा धनी होऊन बसतो, हे त्या होळीमागचे दुःख होते.

सरकारने चौकशी मंडळ नेमले आणि १८७९ साली दख्खन शेतकरी साहाय्य कायदा झाला. त्यान्वये न्यायालयास कर्जखताच्या पाठीमागे जाऊन आरंभापासूनचा हिशेब तपासण्याचा अधिकार मिळाला. दिलेल्या रकमेची पावती आणि वर्षाचा हिशेब मागण्याचा हक्क शेतकऱ्यास मिळाला. हिंदू धर्मशास्त्रात दामदुप्पट नावाचा नियमही फार जुना आहे : एका वेळी वसूल करावयाचे थकलेले व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. तो नियम थकबाकीविषयी आहे, वर्षानुवर्षे भरलेल्या व्याजाच्या बेरजेविषयी नाही, हे मात्र लक्षात ठेवावे. वरील उदाहरणातील गृहस्थ वीस वर्षांत मुद्दलाहून अधिक व्याज भरतात, आणि त्यात नियमभंग काहीच नाही.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळू. आदिलाबाद जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता तेव्हा येथील गोंड आणि कोलाम शेतकरी पिढ्यान्‌पिढ्या कसत असलेल्या जमिनींचे पट्टे पुष्कळदा त्यांच्या नावावर नव्हते. बाहेरून येणाऱ्यांस कागद कळत होता, येथल्या शेतकऱ्यास कळत नव्हता. कर्ज, गहाण आणि पट्टा यांच्या फेऱ्यात जमिनी हातांतून गेल्या. १९४० साली जोडेघाट येथे कोमरम भीम यांनी प्राण वेचले, त्याच्या मुळाशी जंगल आणि जमीन यांवरील हक्काचा प्रश्न होता. त्यानंतर संस्थान सरकारने मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हायमेंडॉर्फ यांस गोंडांच्या स्थितीचा अभ्यास करण्यास सांगितले. मार्लवाई येथे राहून त्यांनी जमिनी कशा हस्तांतरित होत होत्या याची तपशीलवार नोंद केली.

पुढे १९५९ साली आंध्र प्रदेशात अनुसूचित क्षेत्रातील जमीन हस्तांतरणासंबंधी विनियम झाला. तो १९६३ मध्ये तेलंगण भागास लागू करण्यात आला आणि १९७० मध्ये अधिक कडक झाला. ‘हस्तांतरण’ या शब्दात विक्री, पट्टा, बक्षीस यांच्याबरोबर गहाणाचाही स्पष्ट समावेश त्यात आहे, ही गोष्ट विशेष ध्यानात घेण्यासारखी आहे. कायदा करणाऱ्यांनी अनुभवावरून जाणले होते की जमीन विकली जाण्याआधी पुष्कळदा ती गहाण पडते. कायदा झाला तरी प्रश्न मिटला नाही. २० एप्रिल १९८१ रोजी याच इंद्रवेल्लीत जमिनीच्या प्रश्नासाठी जमलेल्या आदिवासी बांधवांवर पोलिसांनी गोळीबार केला. सरकारी आकड्यानुसार १३ जण मृत्युमुखी पडले. त्यांच्या स्मरणार्थ उभारलेला स्तंभ आपण जाता-येता पाहतो. कागदावरील एका ओळीची किंमत माणसास किती द्यावी लागते, याचा एवढा जवळचा धडा अन्य गावांतील मुलांना क्वचितच मिळत असेल.

सुप्याचे शेतकरी, आपल्या जिल्ह्यातील गोंड आणि आजचा बँकेचा कर्जदार यांची स्थिती एकसारखी नाही. आज कायदा आहे, पावती आहे, दाद मागण्यास जागा आहे. तथापि एक धागा समान आहे : ज्याला हिशेब समजतो तो व्यवहारात वरचढ राहतो. आज अंगठ्याऐवजी स्वाक्षरी होते. परंतु चाळीस पाने न वाचता केलेली स्वाक्षरी आणि अंगठा यांत अंतर ते किती? हप्ते थकले तर २००२ च्या कायद्यान्वये बँक साठ दिवसांची नोटीस देऊन तारण घराचा ताबा घेऊ शकते, हेही त्याच कागदांच्या पोटात असते.

तेव्हा सही करण्यापूर्वी काय पाहावे? पहिली गोष्ट, सर्व हप्त्यांची बेरीज. दुसरी, व्याजाखेरीज होणारा खर्च : अर्जाचे शुल्क, विमा, मुद्रांक शुल्क, नोंदणी. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत मुख्य बाबींचे एक विवरणपत्र देणे बंधनकारक झाले आहे. त्यात शुल्कासह खरा वार्षिक दर लिहिलेला असतो. तो आकडा जाहिरातीतील दराशी ताडून पाहावा. तिसरी, दर स्थिर आहे की बदलता. चौथी, तारण ठेवावयाची जागा अनुसूचित क्षेत्रात आहे काय आणि तेथे असा व्यवहार कायद्यास मान्य आहे काय. पाचवी, आगाऊ फेड करण्याची सोय. बदलत्या दराच्या घरकर्जावर व्यक्तीकडून आगाऊ फेडीबद्दल दंड घेण्यास बँकांना २०१२ सालीच मनाई झालेली आहे.

ही पाचवी गोष्ट फार उपयोगाची आहे. आपल्या उदाहरणातील गृहस्थांनी ८,९९७ रुपयांच्या हप्त्यात पहिल्या महिन्यापासून केवळ १,००० रुपयांची भर घातली, तर कर्ज वीस वर्षांऐवजी सुमारे साडेपंधरा वर्षांत फिटते आणि व्याजाचे सुमारे ३,००,००० रुपये वाचतात. अथवा पहिल्या वर्षाच्या अखेरीस एकदाच ५०,००० रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे सत्तावीस हप्ते भरावेच लागत नाहीत. जवळजवळ दोन लाख रुपये व्याज वाचते. तेच पन्नास हजार पंधराव्या वर्षी भरले तर इतका लाभ होत नाही, कारण तोवर बहुतेक व्याज देऊन झालेले असते. थेंबे थेंबे तळे साचते हे खरे. येथे थेंब लवकर पडणे महत्त्वाचे. कर्ज पूर्ण फिटल्यावर तीस दिवसांच्या आत घराची मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत, असा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. ती मागून घेऊन, गहाणाची नोंद उतरवून मगच घर आपले झाले असे मानावे.

विद्यार्थ्यांनो, या हिशेबास लागते ती टक्केवारी, वजाबाकी आणि थोडी चिकाटी. तुमच्या घरी कर्जाचा विषय निघेल तेव्हा मोठ्यांच्या बोलण्यात तोंड घालण्याची गरज नाही. परंतु पाटीवर चार आकडे मांडून आई-वडिलांपुढे ठेवलेत तर ते निश्चितच कौतुकाने पाहतील. शिकलेल्या गणिताचा असा उपयोग परीक्षेतील गुणांहून मोठा आहे.

स्वाध्याय

१. दहा लाखांच्या कर्जाच्या वरील उदाहरणात चौथ्या आणि पाचव्या महिन्याचे व्याज व मुद्दल काढा. (तिसऱ्या महिन्याअखेर बाकी ९,९५,४७५ रुपये धरा.)

२. पाच लाख रुपये शेकडा ९ दराने १५ वर्षांसाठी घेतले, तर हप्ता आणि एकूण व्याज किती होईल? (वरील कोष्टकाचा उपयोग करा.)

३. ‘तीन रुपये शेकडा’ या बाजारातील दराचा वार्षिक दर काढा. सरळ व्याजाने किती महिन्यांत व्याज मुद्दलाएवढे होईल?

४. तुमच्या घरी किंवा शेजारी कोणी पूर्वी जमीन, दागिने अथवा घर गहाण ठेवले असल्यास, त्यांची संमती असेल तरच, मुद्दल किती होते आणि एकूण किती भरले हे विचारून वहीत लिहा. नावे लिहू नका.